इंद्रायणीचा कुंडमळा : धबधबा, खडक आणि काठचा इतिहास

इंद्रायणी नदीचे नाव उच्चारताच देहू आणि आळंदी ही दोन पुण्यक्षेत्रे डोळ्यांपुढे उभी राहतात. श्रीज्ञानेश्वर महाराजांनी इ. स. १२९६ मध्ये जिच्या काठी संजीवन समाधी घेतली आणि श्रीतुकाराम महाराजांच्या अभंगांच्या वह्या जिने तारल्या, त्या नदीचे माहात्म्य वारकऱ्यांस नव्याने सांगावयास नको. परंतु देहूस पोहोचण्यापूर्वी हीच नदी मावळ तालुक्यात इंदोरी व शेलारवाडी यांच्या दरम्यान एका खडकाळ, अरुंद पात्रातून वाट काढते. तेथे काळ्या पाषाणात मोठमोठी कुंडे कोरली गेली आहेत आणि पावसाळ्यात त्या कुंडांवरून नदीचे सर्व पाणी फेसाळत खाली झेपावते. हेच ते कुंडमळा नावाने ओळखले जाणारे स्थळ होय.

मंदिराच्या जीर्णोद्धारानिमित्त पंचक्रोशीच्या इतिहासाची उजळणी होत असता या स्थळाची माहिती ग्रामस्थांच्या व देणगीदारांच्या हाती असणे उचित आहे. एक तर या परिसरातील जुन्या देवळांची जोती, दीपमाळा आणि पायऱ्या ज्या दगडाच्या आहेत, तोच दगड कुंडमळ्यात नदीने उघडा केलेला आहे. दुसरे असे की, दि. १५ जून २०२५ रोजी तेथे जी दुर्घटना घडली, तिच्यामुळे या स्थळाकडे पाहण्याची साऱ्यांची दृष्टी बदलली आहे. जुन्या वस्तूची वेळीच निगा न राखल्यास काय घडते, याचा तो धडा जीर्णोद्धाराच्या प्रसंगी विसरता येण्यासारखा नाही.

स्थान व नाव

कुंड म्हणजे पाण्याचे खोल टाके आणि मळा म्हणजे नदीकाठची बागायती जमीन. या दोन शब्दांतच स्थळाचे वर्णन आले. पात्रात कुंडे व काठावर मळ्यांची वस्ती, असे हे ठिकाण आहे. काठावर कुंडदेवीचे मंदिर आहे. पुणे–लोणावळा लोहमार्गावरील बेगडेवाडी हे स्थानक जवळ असून जुना मुंबई–पुणे रस्ताही फार दूर नाही. त्यामुळे पायी येणाऱ्यास, लोकलने येणाऱ्यास आणि वाहनाने येणाऱ्यास हे स्थळ सारखेच सोयीचे आहे. ही सोय वरदान ठरली तशीच पुढे काळजीचा विषयही ठरली.

धबधबा म्हटले की उंच कड्यावरून कोसळणारी धार मनात येते. खंडाळ्याजवळील कुणे येथील तीन टप्प्यांचा धबधबा तसा आहे. कुंडमळ्याचा धबधबा त्या जातीचा नव्हे. येथे उंची बेताची, पण पाणी संपूर्ण नदीचे. रुंद पात्रातून संथ येणारी नदी एकाएकी खडकाच्या चिंचोळ्या वाटांत शिरते, एका पायरीवरून दुसरीवर आदळते, कुंडांत गरगर फिरते आणि पुन्हा बाहेर पडते. उन्हाळ्यात धार क्षीण होते व कुंडांत साठलेले पाणी तेवढे राहते. त्या दिवसांत पात्राच्या मध्यापर्यंत खडकावरून चालत जाता येते. मृगाच्या सरी सुरू झाल्या की थोड्याच दिवसांत त्या खडकावर पाऊल ठेवणेही अशक्य होते.

महसुली व्यवस्थेत नदीचे पात्र कोणाच्याही सात-बारावर चढत नाही. महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, १९६६ याच्या कलम २० प्रमाणे नद्या व त्यांची पात्रे ही कोणा खाजगी व्यक्तीची मालमत्ता नसल्यास शासनाची असतात. याचा अर्थ असा की, काठचे मळे ज्याचे त्याचे असले तरी कुंडे आणि धबधबा एकट्या कोणाचा नाही. जे एकट्या कोणाचे नसते त्याची राखण करणे हे सर्वांचेच कर्तव्य असते, परंतु व्यवहारात ते पुष्कळदा कोणाचेच राहत नाही.

दगड कोणता?

हल्ली देवळांच्या सभामंडपात ग्रॅनाइटच्या चकचकीत फरशा बसविण्याची पद्धत पडली आहे. त्यामुळे कोणताही टणक दगड दिसला की त्यास ग्रॅनाइट म्हणण्याची सवय लागली आहे. कुंडमळ्याच्या खडकासही येणारे-जाणारे तेच नाव देतात. वस्तुतः मावळात ग्रॅनाइट नाही. तो दगड पृथ्वीच्या पोटात खोलवर, अतिशय सावकाश थंड झालेल्या रसाचा बनतो, म्हणून त्यात निरनिराळ्या रंगांचे मोठे कण दिसतात. महाराष्ट्रात तो विदर्भाच्या पूर्व भागात, नांदेडकडे व दक्षिण कोकणात आढळतो. फरशीसाठी येणारा बराचसा माल कर्नाटक, आंध्र, तेलंगणाकडून येतो.

मावळचा दगड म्हणजे काळा पाषाण, ज्यास शास्त्रज्ञ बेसॉल्ट म्हणतात. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी जमिनीस लांबच लांब भेगा पडून त्यांतून तप्त शिलारस बाहेर आला आणि पसरत गेला. एका थरावर दुसरा, दुसऱ्यावर तिसरा असे थर साचत गेले. महाराष्ट्राचा बहुतेक भाग याच थरांनी झाकलेला असून सह्याद्रीच्या कड्यांवर दिसणाऱ्या आडव्या पट्ट्या म्हणजे हेच थर होत. लोहगड, विसापूर, राजमाची या किल्ल्यांचे ताशीव कडे त्यांतीलच टणक थरांचे आहेत.

सर्व थर एकसारखे नाहीत, ही गोष्ट विहीर खणणाऱ्यास पुस्तक न वाचताही ठाऊक असते. वरचा मुरूम पहारीने निघतो. पुढे काळा पाषाण लागला की सुरुंगावाचून गत्यंतर नसते. कधी मधेच मांजऱ्या लागतो, ज्यात शिलारसातील वाफेच्या बुडबुड्यांची भोके राहिलेली असतात व पुढे त्यांत पांढऱ्या गारा भरलेल्या असतात. दोन थरांच्या सांध्यात कधी तांबड्या मातीची पट्टीही मिळते. टणक व मऊ यांचा हा लपंडाव नदीच्या पात्रातही चालतो. मऊ भाग झिजतो, टणक भाग मागे उभा राहतो, आणि त्या उंबरठ्यावरून पाणी खाली पडते. धबधब्याचे मूळ हे आहे.

याच काळ्या पाषाणावर मावळचा संसार शतकानुशतके चालला. जाती, पाटे-वरवंटे, उखळे, उंबरे, विहिरींची बांधकामे, घाटाच्या पायऱ्या आणि देवळांची जोती या सर्वांस तोच दगड लागला. खाणीतून दगड फोडून काढणाऱ्या वडार समाजाच्या आणि टाकीने तो घडविणाऱ्या पाथरवटांच्या पिढ्या त्यावर राबल्या. जीर्णोद्धारात जुने चिरे काढून पुन्हा बसविताना त्यांवरील टाकीचे घाव दिसतात, ते या अनाम कारागिरांचे हस्ताक्षरच होय.

कुंडे कशी झाली?

कुंडे देवांनी खोदली, पांडवांनी एका रात्रीत केली, अशा कथा महाराष्ट्रात अनेक नद्यांच्या काठी ऐकावयास मिळतात. माणसाच्या हाताने इतके गोल, इतके गुळगुळीत आणि इतके खोल खोदकाम वाहत्या पाण्यात करणे शक्य नाही, हे पाहूनच त्या कथा जन्मल्या असाव्यात. खोदणारी नदीच आहे, आणि तिची हत्यारे म्हणजे तिनेच वाहून आणलेले दगडगोटे आहेत.

पुराच्या पाण्यास खडकातील एखादी लहानशी भेग किंवा बुडबुड्याचे भोक सापडते. तेथे पाण्याचा भोवरा होतो. त्या भोवऱ्यात एखादा गोटा अडकला की तो गरगर फिरत राहतो व खालचा खडक घासतो, जणू जात्याची तळी घासावी तसा. गोटा झिजून गेला की पुढच्या पुरात दुसरा येतो. असे हजारो पावसाळे गेल्यावर भोकाचा खड्डा, खड्ड्याचे कुंड होते. शेजारची दोन कुंडे मधील भिंत झिजून एक होतात, आणि अशी कुंडे जोडत जोडत नदी खडकात आपली घळ खोल करते. उन्हाळ्यात कुंडाच्या तळाशी पाहिले तर वाटोळे, गुळगुळीत गोटे आढळतात. ती नदीची ठेवलेली हत्यारे होत.

या रचनेस रांजणखळगे असे समर्पक नाव आहे. कारण रांजणाप्रमाणेच पुष्कळदा यांचे तोंड लहान व पोट मोठे असते. पुणे व अहिल्यानगर जिल्ह्यांच्या सीमेवर कुकडी नदीच्या पात्रात निघोज व टाकळी हाजी या गावांच्या मधील रांजणखळगे सर्वत्र प्रसिद्ध आहेत. तेथे मळगंगा देवीचे स्थान असून यात्रेस मोठा समुदाय जमतो. कुंडमळा हे त्याच कुळातील स्थळ. दोन्ही ठिकाणी खडकही तोच, कारागीरही तोच आणि काठावर देवीचे ठाणेही तसेच. जेथे पाणी जीव देते व जीव घेऊही शकते, तेथे जुन्या लोकांनी देवी बसविली. पहिल्या पुरास खणा-नारळाने नदीची ओटी भरण्याच्या चालीमागेही हाच आदर व हेच भय होते.

हे भय निराधार नव्हते. तोंड लहान व पोट मोठे असलेल्या कुंडात पडलेल्या माणसास कडा धरून वर येता येत नाही, कारण पाण्याने घासून गुळगुळीत झालेल्या भिंतीस हाताची पकड मिळत नाही. वरून शेवाळ, खालून भोवरा. चांगल्या पोहणाऱ्याचे कसबही तेथे कामास येत नाही. काठचे शेतकरी पावसाळ्यात गुरे त्या बाजूस जाऊ देत नाहीत, ते यासाठीच.

पाणी कोठून येते?

कुंडमळ्याचा धबधबा समजावयाचा तर दृष्टी पश्चिमेस वळवावी लागते. इंद्रायणीचा उगम लोणावळ्याजवळ कुरवंडे गावच्या परिसरात सह्याद्रीच्या माथ्यावर आहे. तेथून ती लोणावळा, कामशेत, तळेगाव या भागांतून वाहत येते, वाटेत कुंडली, आंद्रा आदी उपनद्या घेते, देहू-आळंदीस पावन करून पुढे तुळापूर येथे भीमेस मिळते. जुन्या कागदपत्रांत नाणे मावळ, अंदर मावळ, पवन मावळ अशी खोऱ्यांची नावे येतात. त्यांपैकी नाणे व अंदर या दोन मावळांचे पाणी या एका नदीत उतरते.

लोणावळ्यास वर्षाकाठी चार हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस पडतो. पूर्वेकडे येता येता तो झपाट्याने कमी होतो व पुण्यास सुमारे सातशे मिलिमीटरवर येतो. अंतर अवघे साठ-पासष्ट किलोमीटरचे, पण पावसात पाचपट-सहापट तफावत. यामुळे एक गोष्ट घडते, ती प्रत्येकाने ध्यानात ठेवावी अशी आहे. देहू, चाकण, पिंपरी-चिंचवड येथे आकाश निरभ्र असताना कुंडमळ्यात पूर येऊ शकतो. डोक्यावर ऊन आहे, पाणी संथ आहे, असे पाहून खडकावर उतरलेल्या माणसास वरच्या खोऱ्यात झालेल्या पावसाची वार्ता नसते. पाणी मात्र ती वार्ता घेऊन येत असते.

यात धरणांचाही वाटा आहे. विसाव्या शतकाच्या प्रारंभी टाटांच्या जलविद्युत योजनेसाठी घाटमाथ्यावर तलाव बांधण्यात आले. लोणावळा, वळवण व शिरोता या तलावांचे पाणी बोगद्यांतून व नळांतून घाटाखाली खोपोलीच्या वीजघरास जाते. ते वीजघर १९१५ साली सुरू झाले. आंद्रा खोऱ्यातील ठोकळवाडीच्या जलाशयाचे पाणी भिवपुरीस जाते व तेथील वीजघर १९२२ सालचे आहे. जे पाणी निसर्गतः पूर्वेकडे इंद्रायणीतून भीमेस व पुढे पंढरीच्या चंद्रभागेस गेले असते, त्यातील बराच भाग अशा रीतीने पश्चिमेस कोकणात उतरतो. मुंबईच्या गिरण्यांस व पुढे लोकल गाड्यांस या विजेने बळ दिले. मात्र तलाव तुडुंब भरले की जादा पाणी नदीत सोडावे लागते. धबधब्याचे रूप काही तासांत पालटण्याचे हे दुसरे कारण होय.

काठचा इतिहास

कुंडमळ्याच्या परिसरात माणसाची वहिवाट फार जुनी आहे. जवळच घोरावडेश्वराचा डोंगर आहे. त्यावर शेलारवाडीची लेणी म्हणून प्रसिद्ध असलेली प्राचीन बौद्ध लेणी असून त्यांतील एका लेण्यात पुढील काळात महादेवाची स्थापना झाली. कोकणातील बंदरांतून बोरघाटाने वर येणारा व्यापारी मार्ग कार्ले, भाजे, बेडसे या लेण्यांच्या परिसरातून पुढे देशावर जात असे. शेलारवाडीची लेणी त्याच साखळीतील एक कडी होत.

या लेण्यांतील एक ब्राह्मी शिलालेख प्रत्येक देणगीदाराने जाणून घ्यावा असा आहे. धेनुकाकट येथे राहणाऱ्या उसभणक नावाच्या नांगरधारी कुणब्याची पत्नी सिअगुतणिका हिने, आपला मुलगा नंद याच्यासह, हे लेणे दान दिल्याचे त्यात कोरले आहे. राजा नाही, सावकार नाही, तर शेतकऱ्याच्या घरची एक स्त्री! तिने आपल्या संसारातून बाजूस काढलेल्या धनातून डोंगरात खोदकाम करविले आणि तिचे नाव सुमारे अठरा शतकांनंतरही वाचता येते. मंदिराच्या पावतीपुस्तकात पाच-पन्नास रुपयांची पावती फाडणाऱ्या माउलीने आपले दान लहान मानू नये, असे सांगणारा याहून जुना पुरावा या पंचक्रोशीत दुसरा नसेल.

पुढे सतराव्या शतकात हीच भूमी तुकोबारायांच्या साधनेने पुनीत झाली. भंडारा, भामचंद्र व घोरावडेश्वर या तीन डोंगरांवर ते एकांतात जात, असे परंपरा सांगते. १६३० नंतरच्या भीषण दुष्काळात त्यांचा संसार उद्ध्वस्त झाला, त्याच काळात ही डोंगरांची वाट त्यांनी धरली. वह्या इंद्रायणीच्या डोहात बुडविल्यानंतर तेरा दिवस काठावर धरणे धरल्याची व वह्या कोरड्या तरल्याची कथा सर्वश्रुत आहे. ज्या पाण्याच्या काठी ते बसले, ते पाणी कुंडमळ्याच्या खडकांतूनच खाली आलेले होते. देहूच्या डोहातील मासे न धरण्याची जी मर्यादा भाविकांनी पाळली, तिच्यामुळे महाशीर जातीच्या मोठ्या माशांस तेथे पिढ्यान्‌पिढ्या अभय मिळाले. श्रद्धेने केलेले हे निसर्गाचे संरक्षणच म्हणावयाचे.

अठराव्या शतकात इंदोरी हे गाव सेनापती दाभाडे घराण्यामुळे नावारूपास आले. छत्रपती शाहू महाराजांनी १७१७ साली खंडेराव दाभाडे यांस सेनापतिपद दिले. इंद्रायणीच्या काठी इंदोरीस त्यांची गढी असून तीत कडजाई देवीचे मंदिर आहे. तिचा दरवाजा व बुरूज आजही त्या काळची साक्ष देतात. नदीचे पात्र एका बाजूचे संरक्षण करील, अशी जागा पाहून ती बांधलेली आहे.

इंग्रजी अमदानीत पुणे–खंडाळा लोहमार्ग १८५८ साली सुरू झाला व १८६३ साली बोरघाटातून गाडी जाऊ लागली. मावळचा भात, दूध व भाजीपाला शहराकडे जाण्याची सोय झाली. याच खोऱ्याने पुढे आणखी एक नाव देशभर पोहोचविले. वडगाव मावळ येथील भात संशोधन केंद्रात तयार झालेला ‘इंद्रायणी’ हा सुवासिक तांदळाचा वाण १९८७ साली प्रसारित झाला आणि नदीचे नाव घरोघरीच्या ताटात गेले.

कारखाने, वस्ती व सहली

पिंपरी येथे १९५४ साली हिंदुस्थान अँटिबायोटिक्सचा कारखाना उभा राहिला. १९६२ साली महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळ स्थापन झाले आणि पिंपरी, चिंचवड, भोसरीच्या माळरानांवर कारखान्यांची रांग लागली. १९८२ साली पिंपरी-चिंचवडची महानगरपालिका झाली. पुढे चाकण व तळेगाव येथील औद्योगिक क्षेत्रांमुळे भामचंद्राच्या पायथ्यापर्यंत यंत्रांचा आवाज पोहोचला. या बदलाने पंचक्रोशीतील घराघरांत पगार आला, मुले शिकली, कौले जाऊन स्लॅब पडले. मंदिराच्या जीर्णोद्धारास जी रक्कम उभी राहते, तीतही कारखान्यात पाळी करणाऱ्या मुलांचा मोठा वाटा असतो, हे कृतज्ञतेने नमूद केले पाहिजे.

परंतु याच बदलाने नदीवर दोन भार टाकले. पहिला सांडपाण्याचा. उगमापासून आळंदीपर्यंत वाढलेल्या वस्त्यांचे व उद्योगांचे पाणी पुरेसे शुद्ध न होता नदीत मिसळते. अलीकडच्या अनेक वर्षांत आषाढी व कार्तिकी वारीच्या सुमारास आळंदीस इंद्रायणीवर पांढऱ्या फेसाचे थर दिसले व वारकऱ्यांनी त्याच पाण्यात स्नान केले. कुंडमळ्याच्या धबधब्याचा फेस हा खडकावर आपटलेल्या पाण्यात हवा मिसळून झालेला फेस आहे व तो पाणी संथ होताच विरतो. आळंदीचा फेस तसा विरत नाही. एकाच नदीचे हे दोन फेस शेजारी ठेवून पाहिले म्हणजे काय बिघडले ते कळते.

दुसरा भार गर्दीचा. सहा दिवस यंत्रापुढे उभा राहिलेला कामगार रविवारी बायकामुलांना घेऊन हिरवळ व पाणी पाहावयास निघाला, तर त्यात गैर काही नाही. पुणे–लोणावळा लोकल १९७८ साली सुरू झाली, पुढे घरोघरी दुचाकी आल्या, त्यानंतर हातोहाती छायाचित्रे पसरविणारे दूरध्वनी आले. ज्या कुंडांकडे पूर्वी गुराखी व देवीचे भक्त तेवढे जात, तेथे पावसाळी सुटीच्या दिवशी शेकडो माणसे येऊ लागली. येणाऱ्यांस खडक ठाऊक नव्हता, पाण्याची चाल ठाऊक नव्हती. पात्रात बुडून जीव गेल्याच्या बातम्या वरचेवर येऊ लागल्या. दि. ३० जून २०२४ रोजी लोणावळ्यास भुशी धरणाच्या मागील धबधब्यात एकाएकी वाढलेल्या लोंढ्यात एकाच कुटुंबातील पाच जण वाहून गेले. पाणी वाढावयास किती थोडा वेळ लागतो, हे त्या दिवशी साऱ्या महाराष्ट्राने पाहिले.

१५ जून २०२५

कुंडमळ्यास नदीच्या दोन्ही तीरांस जोडणारा एक अरुंद लोखंडी पूल होता. त्यास तीस वर्षांच्या आसपास लोटली होती. काठच्या शेतकऱ्यांची, दूध घेऊन जाणाऱ्यांची, शाळेच्या मुलांची व देवीच्या भाविकांची ये-जा यावरून होई. लोखंडास गंज चढला होता. पूल धोकादायक असल्याची सूचना देणारा फलक लावण्यात आलेला होता व नव्या पुलास मंजुरीही मिळाली होती. प्रत्यक्ष काम मात्र व्हावयाचे होते.

२०२५ साली पावसाने घाई केली. मोसमी पाऊस २६ मे रोजीच मुंबई-पुण्यास पोहोचला व जूनच्या मध्यास इंद्रायणी भरून वाहत होती. १५ जून हा रविवार. धबधबा पाहण्यास मोठी गर्दी लोटली. दुपारी साडेतीनच्या सुमारास पुलावर शंभराच्या आसपास माणसे एकाच वेळी होती, काही दुचाकीही होत्या. पूल मधोमध तुटून खाली कोसळला. कोणी पाण्यात पडले, कोणी लोखंडाखाली व खडकात अडकले. स्थानिक तरुण सर्वांआधी धावले. पाठोपाठ पोलीस, अग्निशमन दल व राष्ट्रीय आपत्ती प्रतिसाद दलाची पथके आली. पन्नासच्या सुमारास लोक जखमी झाले व चौघांचा मृत्यू झाला. तीनच दिवसांनी देहूहून तुकोबारायांच्या पालखीचे प्रस्थान झाले. टाळमृदंगाच्या गजरातही त्या वर्षी नदीकाठच्या गावांचे मन जड होते.

दुर्घटनेनंतर दोष कोणाचा यावर पुष्कळ बोलले गेले. चौकशी, कारवाई ही शासनाची कामे आहेत. ग्रामस्थांनी विचार करावा अशी गोष्ट निराळी आहे. पूल एका दिवसात जुना झाला नव्हता. फलक होता, पण तो वाचून थांबणारे नव्हते. मंजुरी होती, पण काम सुरू होईपर्यंत वाट बंद करणारा अडसर पुरेसा नव्हता. रोजच्या वापराच्या चार माणसांसाठी बांधलेल्या वस्तूवर शंभर माणसे उभी राहिली, तेव्हा तिला पेलवले नाही. धबधब्याने तो पूल पाडला नाही. गंज, गर्दी आणि दिरंगाई यांनी तो पाडला.

जीर्णोद्धाराचा अर्थ

जीर्ण झालेल्याचा उद्धार तो जीर्णोद्धार. देवळाच्या बाबतीत हे काम मावळातील गावे परंपरेने करीत आली आहेत. शिखरास तडा गेला, गाभाऱ्यात पाणी झिरपू लागले, सभामंडपाचे लाकूड वाळवीने खाल्ले, की गाव बसते, वर्गणी ठरते, कारागीर येतो. भिंत अंगावर पडण्याची वाट कोणी पाहत नाही, कारण देऊळ आपले आहे अशी भावना असते. हीच भावना नदीवरच्या साकवाविषयी, शाळेच्या छपराविषयी, सार्वजनिक विहिरीच्या कठड्याविषयी व खुद्द नदीविषयी असती, तर कित्येक घरांतील दिवे विझले नसते.

याकरिता लाखोंच्या निधीचीच गरज असते असे नाही. नदीकाठच्या प्रत्येक गावाने पावसाळ्यापूर्वी आपल्या हद्दीतील साकव, पूल व घाट एकदा डोळ्यांखालून घालावेत आणि जे मोडकळीस आले असेल त्याची लेखी खबर ग्रामपंचायतीच्या ठरावासह तालुक्यास द्यावी. तोंडी तक्रार वाऱ्यावर जाते, लेखी तक्रारीस आवक क्रमांक मिळतो व तिचा पाठपुरावा करता येतो. जी वाट धोक्याची ठरली ती केवळ फलकाने बंद होत नाही, तेथे अडसर व माणूस लागतो. वरच्या धरणांतून पाणी सोडण्याची सूचना आली की ती मंदिराच्या ध्वनिक्षेपकावरून तत्काळ सांगितली जावी. भजन-कीर्तनासाठी घेतलेला ध्वनिक्षेपक त्या कामी आला तर देवास त्याचा आनंदच होईल. पावसाळ्यात पाहुणे मंडळी कुंडमळा दाखवा म्हणून आली, तर काठावरून दर्शन घडवावे, खडकावर उतरू देऊ नये, आणि संकोच न करता तसे सांगावे. निर्माल्य, जुने फोटो, प्लास्टिकच्या पिशव्या नदीस न देण्याचा नेम तर आजपासूनच करता येईल.

सिअगुतणिकेने डोंगरात लेणे दिले, दाभाड्यांनी काठावर गढी बांधली, तुकोबारायांनी याच पाण्याच्या काठी आपली वाणी जगास दिली. त्या सर्वांच्या आधीपासून नदी खडकात कुंडे कोरीत होती व पुढेही कोरीत राहील. तिचा वेग कमी करणे माणसाच्या हाती नाही. तिच्या काठी सुखरूप ये-जा व्हावी, तिचे पाणी वारकऱ्याने निःशंक मनाने ओंजळीत घ्यावे, एवढे मात्र हाती आहे. मंदिराच्या कळसाबरोबर ही दोन कामेही गावांनी आपली मानावीत आणि १५ जूनला जे चार जीव गेले त्यांचे स्मरण त्या कामातून राहावे, हीच श्रीचरणी प्रार्थना.

॥ जय जय रामकृष्ण हरि ॥